गर्भपिशवीच्या शस्त्रक्रियेनंतर मूत्रवाहिनीला इजा : स्टेंट की पुन्हा शस्त्रक्रिया? मदत हवी आहे

नमस्कार मंडळी,

आम्ही देवगड तालुक्यातले. माझ्या मोठ्या वहिनींची (वय ४६) गर्भपिशवी फायब्रॉइडच्या मोठ्या गाठींमुळे पोट उघडून काढावी लागली. दोन्ही बाळंतपणे सिझेरियनची असल्याने आत बरेच चिकटलेले होते, असे डॉक्टरांनी नंतर सांगितले. टाके काढून घरी आल्यावर आठवड्याभरातच योनिमार्गातून सतत पाणी जाऊ लागले. लघवी नेहमीसारखी होते, आणि तरीही पॅड सारखा बदलावा लागतो. रात्री रबरी शीटवर जुन्या लुगड्याच्या घड्या घालून त्या झोपतात. उजवी कूस ठणकते ती वेगळीच.

शस्त्रक्रिया झाली त्या रुग्णालयात "पांढरे जात असेल" म्हणून गोळ्या देऊन परत पाठवले. गर्भाशयाच्या मुखापासून जेमतेम दीड-दोन सेंटीमीटरवरून, गर्भाशयाच्या धमनीखालून मूत्रवाहिनी (मूत्रपिंडातून मूत्राशयात लघवी आणणारी नळी) जाते, त्यामुळे निष्णात डॉक्टरांच्या हातूनही तिला इजा होऊ शकते हे मला मान्य आहे. तक्रार आहे ती बाई सांगत असताना कोणी ऐकले नाही याची. (वाडीत मात्र "लघवीची नस कापली" असा निकाल केव्हाच लागला आहे.)

दुसऱ्या डॉक्टरांनी मूत्राशयात निळे औषध भरून योनिमार्गात कापसाचे बोळे ठेवले आणि वहिनींना थोडे चालायला लावले. बोळे भिजले, पण निळे झाले नाहीत; म्हणजे गळती मूत्राशयाची नसून मूत्रवाहिनीची असावी. सीटी यूरोग्राफीत (शिरेतून औषध देऊन केलेल्या मूत्रमार्गाच्या सीटी स्कॅनमध्ये) तेच दिसले : उजवे मूत्रपिंड सुजलेले आणि नळीच्या खालच्या टोकाशी औषध बाहेर झिरपणारे. रक्तातील क्रिएटिनीन (मूत्रपिंडाच्या कामाची तपासणी) नॉर्मल आहे, पण दुसरे मूत्रपिंड चांगले असले की ते बिघडत नाही, तेव्हा त्या आकड्यावर निर्धास्त राहू नका, असे यूरॉलॉजिस्टांनी (मूत्रविकारतज्ज्ञांनी) बजावले आहे.

त्यांच्या मते आधी दुर्बिणीतून डीजे स्टेंट (मूत्रवाहिनीच्या आत ठेवायची बारीक, लवचिक नळी) घालून पाहावा; तो इजेच्या जागेपलीकडे गेला तर मूत्रवाहिनी काही आठवड्यांत भरून येऊ शकते. तो गेला नाही तर पाठीतून मूत्रपिंडात नळी घालून दाब कमी करायचा आणि पुढे मूत्रवाहिनी मूत्राशयाला नव्याने जोडायची. ज्यांच्या घरी असे घडले आहे त्यांनी कृपया सांगावे : स्टेंट घातल्यावर गळती किती दिवसांत थांबली, आणि तो काढल्यानंतर नळी पुन्हा आखडली का? थेट जोडणी केलेल्यांना ती लगेच करता आली, की सूज उतरेपर्यंत थांबावे लागले? डॉक्टर वाचक असतील तर ताप किंवा थंडी भरली तर किती तातडीने निघावे, हेही लिहावे, कारण पावसात गगनबावड्याचा घाट रात्री ओलांडण्याची वेळ येऊ नये अशी इच्छा आहे. घरात कोल्हापूर की गोव्यातील बांबोळी (तिथले सरकारी वैद्यकीय महाविद्यालयाचे रुग्णालय), यावर एकमत होत नाही. बांबोळीला महाराष्ट्रातील रुग्णांना खर्चाचे काय पडते?

शस्त्रक्रियेची कागदपत्रे मिळावीत म्हणून लेखी अर्ज दिला आहे. २००२ च्या वैद्यकीय आचारसंहितेनुसार मागणीनंतर ७२ तासांत ती द्यावी लागतात, तरी अजून फक्त डिस्चार्ज कार्ड हाती आहे. पुढे कोणाकडे दाद मागावी?

डॉक्टरांची नावे व्यनितून (व्यक्तिगत निरोपातून) कळवावीत, आणि झाडपाल्याची औषधे कृपया सुचवू नयेत. यूरॉलॉजिस्टांना सोमवारी होकार किंवा नकार कळवायचा आहे.