मदत हवी आहे: गोरज मुहूर्ताच्या दिवशी वधूवरांची सकाळ कशी आखावी?

गोव्यात पाळोळ्याला डिसेंबरातलं लग्न आहे, मुहूर्त संध्याकाळी सव्वासहाचा. ग्रहमख, देवक, हळद आदल्या दिवशीच उरकणार, म्हणून सकाळ दोघांना मोकळी.

उलटा हिशोब असा: सूर्यास्त सहाच्या सुमारास, तेव्हा उजेडातले फोटो साडेचारला हवेतच. त्यानंतर गौरीहर. नवरीचा मेकअप, केस, नऊवारी मिळून तीन तास. अर्धा तास राखीव ठेवायचा, कारण अंबाडा आणि गजरा हमखास वेळ खातात. म्हणजे एक वाजता खुर्चीत. नवरदेवाला पाऊण तास पुरतो.

पोहणं बाद. खाऱ्या पाण्याने केस राठ होतात, मेंदीही लवकर फिकी पडते. उन्हाने लाल झालेला चेहरा तर फाउंडेशनखालीही लपत नाही. म्हणून सातला होडीने बटरफ्लाय किनारा, नऊपर्यंत परत, अंगात लांब बाह्यांचे सुती कपडे, फोन करवलीकडे. ज्याला बोट लागते त्याने मात्र किनाऱ्यावर चालावं. गोळीने दिवसभर झोप येते.

अडलंय ते उपासापाशी. अक्षता पडेपर्यंत काही खायचं नाही, असा घरच्यांचा आग्रह. सकाळच्या मुहूर्ताला ते निभतं. इथे शालू, दमट हवा आणि होमाचा धूर, चक्कर येणारच. शहाळं, केळी, राजगिऱ्याचे लाडू दर दोन तासांनी दिले तर पुरेल का? साबुदाण्याची खिचडी जड होते. आणि होडी आदल्या रात्री ठरवावी, की सातला तिथेच मिळते?