आत्मचरित्रपट, आत्मपट की आत्मकथनपर माहितीपट?

विचारणा (सोलापूर): शहराच्या पूर्व भागातील आमच्या घरी तेलुगू बोलतात, आजोबा मागावर होते आणि आजी विड्या वळत असे. या दोघांविषयी, आणि त्यांच्या निमित्ताने स्वतःविषयी, मी पदरचे पैसे घालून एक माहितीपट केला आहे. निमंत्रणपत्रिकेवर त्याला 'स्वतंत्र आत्मचरित्रपट' म्हणावे काय? आणि 'आयडेंटिटी'साठी 'अस्मिता' चालेल काय?

प्रतिसाद: 'चरित्रपट' रुळलेला असल्यामुळे 'आत्मचरित्रपट' घडणीच्या दृष्टीने निर्दोष आहे, पण 'चरित्र' म्हटले की जन्मापासूनचा क्रमवार, बहुधा कर्तृत्वाचा वृत्तान्त अपेक्षिला जातो. दया पवार यांचे 'बलुतं' (१९७८) किंवा तुमच्याच जिल्ह्यातील हन्नूरचे शरणकुमार लिंबाळे यांचे 'अक्करमाशी' (१९८४) यांना समीक्षेत 'आत्मकथन' म्हटले जाते, ते मला म्हणूनच समर्पक वाटते: ऐन उमेदीत लिहिणारा माणूस आयुष्याचा ताळेबंद मांडत नव्हता, तर स्वतःबरोबर घराचे आणि वस्तीचे जगणे सांगत होता.

घराविषयीच्या माहितीपटात हा फरक पडद्यावरच दिसतो. संध्या सुरी यांच्या 'आय फॉर इंडिया'मध्ये (२००५) ब्रिटनला गेलेल्या वडिलांनी भारतातील नातलगांसाठी सुपर-८ कॅमेऱ्यावर टिपलेली दृश्ये आणि ध्वनिफिती आहेत. त्यांची जुळणी मात्र मुलीची आहे. चरित्र वडिलांचे, कथन मुलीचे. आजीचे बोलणे आणि त्यावरील तुमचे निवेदन यांचे नाते असेच असेल, तर 'आत्मकथनपर माहितीपट' अधिक नेमके ठरेल. 'आत्मपट' सुटसुटीत आहे (विणकराच्या घरात 'पट' म्हणजे मुळात कापड, हे सांगायला नकोच), पण त्यातून हा कल्पित चित्रपट की माहितीपट, हे कळत नाही. जेऊरच्या नागराज मंजुळे यांच्या 'फँड्री'सारख्या (२०१३), अनुभवातून आलेल्या परंतु कल्पित पात्रांच्या चित्रपटाला 'आत्मपर' एवढे विशेषण पुरते.

'स्वतंत्र' जपून वापरावे. 'स्वतंत्र नाटक' म्हणजे अनुवादित वा रूपांतरित नसलेले नाटक, हा अर्थ मराठीत पक्का आहे. 'स्वतंत्र निर्मिती' असे लिहिल्यास घोटाळा टळेल.

'अस्मिता' मी तरी टाळेन. योगदर्शनात ती पाच क्लेशांपैकी एक आहे आणि आज ती व्यासपीठावरून गर्जण्याची वस्तू झाली आहे. घरात तेलुगू आणि शाळेत मराठी बोलत वाढलेल्या माणसाची घालमेल तिच्यात मावत नाही. 'ओळख' बरी.

पुन्हा विचारणा: पण 'माझी ओळख' हे व्याख्यानापूर्वीच्या परिचयासारखे वाटत नाही काय?

प्रतिसाद: वाटते, विशेषतः शीर्षकात. वाक्यात 'भाषेची ओळख', 'घराची ओळख' असे षष्ठीचे रूप जोडले की अर्थ सावरतो. शीर्षकासाठी मात्र आपल्याकडे आडनाव ऐकताच जो प्रश्न येतो, तोच घ्यावा: 'मूळचे कुठले?' त्यात गाव, भाषा आणि जात या तिन्हींची चौकशी एकदम होते, आणि आदरार्थी रूपामुळे तो तुम्हाला जसा लागू पडतो तसाच आजोबांनाही.