ग्रेडिंग लांबूनही होतं की

वर कुणीतरी म्हटलंय, बीफच्या धंद्यात घरून काम फक्त विक्री आणि हिशेबवाल्यांच्या नशिबी. अगदीच तसं नाही. अमेरिकेच्या कृषी खात्याने २०२४ मध्ये लांबून ग्रेडिंगचा, म्हणजे मांसाचा दर्जा ठरवण्याचा, प्रयोग जाहीर केला. मांसाच्या प्लांटमधला माणूस कापलेल्या जनावराच्या १२व्या आणि १३व्या बरगडीच्या मधे काप घेऊन उघड्या मांसाचा फोनवर फोटो काढतो, माहितीसकट पाठवतो. ग्रेडर दुसरीकडे बसून चरबीच्या जाळीवरून दर्जा ठरवतो. लहान प्लांटचा ग्रेडर बोलावण्याचा खर्च वाचतो. फोटो मात्र नीट हवा, उजेड धड नसेल तर मुसळ केरात.

सुरीवाल्यांना अर्थात गारठ्यात उभंच राहायचंय. आणि सुपरवायझरचं ‘हायब्रिड’ म्हणजे दिवसा प्लांट, रात्री घरी लॅपटॉप!