मदत हवी आहे: रेप्लिकेशन चालू, तरी दुकानात जुना साठा दिसतो

साठा_सोलापूर
एक डेटाबेस अक्कलकोट रोड एमआयडीसीतल्या गोदामात, दुसरा चाटी गल्लीतल्या दुकानात. गोदामातून टॉवेलच्या गाठी विकल्या तरी दुकानात त्या शिल्लक दिसतात आणि त्याच गाठींचं दुसरं बिल होतं. साठा उणे जातोय. रेप्लिकेशन (गोदामातल्या डेटाची दुकानात आपोआप प्रत) सिंक्रोनस आहे, म्हणजे प्रत पोचल्याशिवाय बिल पक्कं होत नाही, तपासलंय. त्यात काल दोन्हींमधली नेटची लाइन गेली तर गोदामाचं बिलिंगही अडकलं. लग्नसराई तोंडावर आहे, लवकर सांगा की ओ.

होटगीकर
डेटाबेस कोणता, आवृत्ती कोणती? वाचन कुठून होतं, लेखन कुठे? स्टँडबाय (प्रत ठेवणारे डेटाबेस) किती?

रात्रपाळी
रोज पीजी_डम्प (डेटाबेसचा बॅकअप) घेता का? इकडे चुकून डिलीट झालेली ओळ तिकडेही लगेच जाते. रेप्लिकावर, म्हणजे त्या प्रतीवर, बॅकअपचा भरवसा ठेवू नका.

साठा_सोलापूर
बॅकअप आहे, तो प्रश्नच नाही. पोस्टग्रेस १५. लेखन सगळं गोदामातल्या प्रायमरीवर (मूळ डेटाबेसवर). दुकानाचा साठा दुकानातल्या स्टँडबायवरून वाचतो. स्टँडबाय एकच. सिंक्रोनस_कमिट (बदल पक्का, म्हणजे कमिट, करताना कशाची वाट बघायची ती सेटिंग) ऑन.

होटगीकर
इथेच आहे गोम. 'ऑन' असताना प्रायमरी फक्त एवढंच बघते की वॉल (बदलांची नोंदवही) स्टँडबायच्या डिस्कवर पोचला. तो तिथल्या टेबलांना लागला की नाही, याची वाट बघत नाही. म्हणून कमिट झालेलं बिलही स्टँडबायवर काही काळ दिसत नाही. त्याच सेटिंगला रिमोट_अप्लाय करा, मग बदल टेबलांना लागेपर्यंत प्रायमरी थांबते; पोस्टग्रेस ९.६ पासून आहे.
काल अडकलं ते एकच स्टँडबाय असल्यामुळे. त्याची पोच येईपर्यंत कमिट थांबणारच. लाइन गेली तर सिंक्रोनस_स्टँडबाय_नेम्स (कुणाच्या पोचेची वाट बघायची ती यादी) रिकामं करून पीजी_रीलोड_कॉन्फ चालवा, रीस्टार्ट लागत नाही. कायमचा उपाय म्हणजे गोदामातच दुसरा स्टँडबाय आणि त्या यादीत 'एनी १', म्हणजे दोघांपैकी कुणा एकाची पोच पुरे.

गाठ_नंबर_एक
पोस्टग्रेस सोडा, मारियाडीबी डेटाबेसवर गॅलेरा क्लस्टर घ्या. तीन नोड (सर्व्हर), कुठेही लिहा, कुठूनही वाचा.

होटगीकर
गॅलेरातही डब्ल्यूएसरेप_सिंक_वेट (वाचण्याआधी ताजे बदल लागेपर्यंत थांबण्याची सेटिंग) मुळात ० असतो, म्हणजे जुनं वाचन तिथेही होतं. आणि एकाच साठ्याच्या ओळीवर दोन नोडवरून लिहिलं की एकाचं कमिट डेडलॉक म्हणून परत येतं. तिसरा नोड ठेवणार कुठे?

विजापूर_वेस
रिमोट_अप्लायवर माझा ठाम आक्षेप आहे. दोन काउंटरनी एकाच क्षणी "५ शिल्लक" वाचलं, तर वाचन कितीही ताजं असो, दोघंही विकणार. तपासणी लेखनातच हवी:

अपडेट साठा सेट शिल्लक = शिल्लक - ५ व्हेअर गाठ = 'क' अँड शिल्लक >= ५

हे प्रायमरीवर, बिलाच्याच ट्रान्झॅक्शनमध्ये. ० ओळी बदलल्या तर रोलबॅक (सगळं बिल मागे), माल नाही. रीड कमिटेड या नेहमीच्या आयसोलेशन लेव्हलमध्ये दुसरा काउंटर लॉकवर थांबतो आणि लॉक सुटल्यावर अट नव्या आकड्यावर पुन्हा तपासली जाते. त्याहून कडक रिपीटेबल रीड असेल तर ४०००१ एरर येईल, ट्रान्झॅक्शन पहिल्यापासून चालवा. वर चेक शिल्लक >= ० लावा.

आणि काल अडकलेली बिलं रद्द करून पुन्हा मारली का? सिंक्रोनस वाट बघताना रद्द केलं तरी प्रायमरीवर कमिट झालेलंच असतं, फक्त इशारा येतो. बिल नंबरावर युनिक की (एक नंबर एकदाच) नसेल तर बिलं दुहेरी पडली असणार.

साठा_सोलापूर
रद्द केली होती. युनिक की नाही, आत्ताच बघतो. पीजी_स्टॅट_रेप्लिकेशनमध्ये फ्लश_लॅग (डिस्कवर पोचायचा उशीर) नगण्य, पण दुपारी रिप्ले_लॅग (टेबलांना लागायचा उशीर) २४ सेकंदांवर गेला. तेव्हा दुकानातून महिन्याचा रिपोर्ट चालू होता.

विजापूर_वेस
मग रिमोट_अप्लाय अजिबात नको, त्या वेळी प्रत्येक बिल तितकं थांबेल. व्हॅक्यूमने (प्रायमरीवरच्या मेलेल्या ओळींच्या सफाईने) काढलेल्या ओळी रिपोर्टला हव्या असतात, म्हणून स्टँडबाय रिप्ले रोखून धरतो. मॅक्स_स्टँडबाय_स्ट्रीमिंग_डिले मुळात ३० सेकंद आहे, त्यानंतर रिपोर्टच मारला जातो.

होटगीकर
हे पटलं. हॉट_स्टँडबाय_फीडबॅक (स्टँडबायला हव्या असलेल्या ओळी प्रायमरीला कळवणं) ऑन केलं तर रिपोर्ट वाचेल, पण प्रायमरीवर मेलेल्या ओळी साचतील. रिपोर्ट रात्री चालवा.

गाठ_नंबर_एक
आणि लाइन गेल्यावर दुकानानं विकायचंच नाही का?

विजापूर_वेस
एकच साठा दोघांनी विकायचा तर नाही. दुकानाच्या नावावर गाठींचा वेगळा कोटा टाका, तो दुकानातल्या स्वतंत्र, लिहिता येणाऱ्या डेटाबेसवर. स्टँडबायवर लिहिता येत नाही. गोदामानं त्या कोट्याला हात लावायचा नाही, लाइन आली की हिशोब जुळवायचा. स्टँडबायला प्रमोट करून (प्रायमरी बनवून) वेळ मारून नेऊ नका. दोनच नोड असताना बहुमत होत नाही, दोन्हीकडे प्रायमरी होईल आणि दोन्हीकडची बिलं एकत्र करता येणार नाहीत.

साठा_सोलापूर
कोटा किती टाकायचा ते मालकांना विचारतो. आधी व्हेअरची अट आणि युनिक की टाकतोय. आधीच दुहेरी पडलेली बिलं असतील तर युनिक की लावता येईल का?

होटगीकर
नाही, इंडेक्स बनतानाच एरर येईल. आधी ग्रुप बाय बिल नंबर, हॅविंग काउंट > १ करून यादी काढा, दुहेरी बिलं रद्द करून साठा परत जमा करा, मग की टाका.