मदत हवी आहे: एसक्यूलाइटमध्ये (एका फाइलीत मावणारा डेटाबेस) रकमा पूर्णांकात ठेवाव्यात की टेक्स्टमध्ये?

पायथनमध्ये बिलिंग आहे. फ्लोट (दशांश आकडे बायनरीत, बऱ्याचदा अंदाजे साठवणारा प्रकार) चालत नाही: २.६७५ बायनरीत नेमका बसत नाही, आत २.६७४९९९९९… असा साठतो आणि राउंड केल्यावर २.६८ ऐवजी २.६७ येतो. म्हणून सगळं डेसिमलवर (पायथनमधला दशांश आकडे नेमके ठेवणारा प्रकार) आणलं. आकडा स्ट्रिंग म्हणूनच देतोय (फ्लोट दिला की तीच चूक आत शिरते) आणि क्वांटाइझला (ठरावीक दशांशांवर राउंड करणारं फंक्शन) राउंड-हाफ-अप, म्हणजे नेमका मध्यावरचा आकडा वर न्यायचा, हे स्पष्ट सांगतोय, कारण मूळ सेटिंग हाफ-इव्हन (मध्यावरचा आकडा सम अंकाकडे) असल्याने २.६६५ चे २.६६ होतात.

इथवर पैशापैशाने जुळतं. खरी अडचण साठवणीची. एसक्यूलाइटमध्ये कॉलमचा प्रकार डेसिमल लिहिला तरी तो नावापुरताच, '२.६७५' ही स्ट्रिंग आत जाऊन पुन्हा फ्लोटच होते. टेक्स्ट कॉलममध्ये आकडा जसाच्या तसा राहतो, पण एसक्यूलाइटचं sum() हे फंक्शन बेरीज फ्लोटमध्ये करतं आणि क्रम लावताना '१०' हा '९' च्या आधी येतो.

किमतीचे दर दशांशाच्या चार स्थळांपर्यंत असल्याने नुसते पैसे पुरत नाहीत. रुपये गुणिले १०,००० असा पूर्णांक ठेवावा म्हणतोय. ६४ बिटांत जागा भरपूर आहे. पण वजन किलोत, तीन दशांशांपर्यंत, म्हणजे गुणाकार सात दशांशांवर जातो. मग राउंडिंग बिलाच्या प्रत्येक ओळीवर करायचं की शेवटच्या बेरजेवर? ज्यांनी हे प्रत्यक्ष चालवलंय त्यांनी कृपया सांगा.