अल्गोलचं किमान तेज 40 मिनिटं उशिरा का येतंय?

पश्चिमक्षितिज:
जानेवारीच्या दुसऱ्या आठवड्यात अल्गोलचं (बीटा ययाती, आपली मायावती) एक पिधान (जोडीदार तारा समोर आल्यामुळे तेज उतरणं) नुसत्या डोळ्यांनी नोंदवलं. किमान तेजाचं भाकीत 22:49 चं होतं. 21:45 ते 00:45, दर 15 मिनिटांनी, एकूण 13 नोंदी. तुलनेसाठी एप्सिलॉन ययाती (प्रत 2.9; आकडा जितका मोठा तितका तारा मंद) आणि ऱ्हो ययाती (3.4) घेतले. आलेखाचा तळ 23:30 च्या आसपास येतोय, आणि प्रत 3.1 च्या खाली गेलेलीच नाही. कोष्टकात 3.4 दिलीय. शेवटच्या नोंदीला तारा पश्चिमेला 25 अंशांवर उतरला होता.
सूर्यकेंद्री वेळेची दुरुस्ती (भाकीत सूर्यावरून पाहिल्यासारखं असतं, ते पृथ्वीवरच्या वेळेत आणणं) केली नाही, ती चूक असेल का? आणि जोडीदार तारा झाकला जातो ते दुसरं, कमी खोल पिधान डोळ्यांनी पकडता येतं का?

रूपविकारी:
आधी 3.1 चा उलगडा, कारण तो सोपा आहे. ऱ्हो ययाती तुलनेला घ्यायचाच नसतो. अल्गोलपासून जेमतेम दोन अंशांवर असल्यामुळे हात तिकडे जातो, पण तो स्वतःच रूपविकारी आहे: लाल राक्षसी तारा, 3.3 ते 4.0 मध्ये फिरणारा. त्या रात्री तो 3.7 ला असेल आणि तुम्ही 3.4 धरला असेल, तर 3.4 चा अल्गोल त्याच्यापेक्षा 0.3 ने तेजस्वी दिसणार आणि वहीत 3.1 लिहिलं जाणार. शिवाय लाल ताऱ्याकडे टक लावून पाहिलं की तो हळूहळू जास्तच उजळ वाटू लागतो, म्हणजे त्याच्या आधाराने केलेले अंदाज एकमेकांशीही जुळत नाहीत. एकेका ताऱ्याकडे दोन-तीन सेकंद बघायचं आणि नजर हलवायची.

त्याच्या जागी हे वापरा: गॅमा देवयानी 2.1, बीटा शर्मिष्ठा 2.3, एप्सिलॉन ययाती 2.9, बीटा त्रिकोण 3.0, अल्फा त्रिकोण 3.4, कापा ययाती 3.8. गॅमा देवयानी नारिंगी आहे, तिथेही टक लावू नका. गॅमा शर्मिष्ठा सोयीचा वाटेल, पण तोही बदलतो.

अंदाज दोन ताऱ्यांच्या मध्ये बसवायचा. समजा अल्गोल एप्सिलॉन ययाती (2.9) आणि अल्फा त्रिकोण (3.4) यांच्या मध्ये आहे. मधल्या अंतराचे मनात पाच भाग करा. एप्सिलॉनपासून दोन भाग मंद आणि अल्फा त्रिकोणपासून तीन भाग तेजस्वी वाटला, तर 2.9 + (2/5 × 0.5) = 3.1. वहीत मात्र "2 आणि 3" हेच लिहा, प्रत सकाळी काढा. रात्रीच आकडा काढला की पुढची नोंद त्याच्याकडे झुकते.

आता उशिराचं कारण. एप्सिलॉन अल्गोलच्या पूर्वेला आहे, म्हणून मावळतीकडे तो कायम उंच राहतो. अल्गोल 25 अंशांवर असताना एप्सिलॉन साधारण 35 वर. हवेचा थर माथ्यावरच्या मानाने 2.4 पट विरुद्ध 1.7 पट. स्वच्छ हवेतही अल्गोल यामुळे सुमारे 0.15 प्रतीने जास्त मंद दिसतो, धुरकट हवेत आणखी. तेज परत वाढायला लागलं तरी तारा क्षितिजाकडे उतरत असल्यामुळे ती वाढ खाल्ली जाते, आणि तळ पुढे सरकल्यासारखा वाटतो. उपाय असा की एक तुलनातारा पूर्वेचा आणि एक पश्चिमेचा (त्रिकोणातला) घ्यायचा, आणि 30 अंशांखालच्या नोंदी सरळ टाकून द्यायच्या.

पण खरी अडचण हीसुद्धा नाही. तुम्ही भाकिताच्या फक्त 64 मिनिटं आधी सुरुवात केलीत. सगळं पिधान जवळपास 10 तासांचं असतं. त्यातले पहिला आणि शेवटचा तास-दीड तास डोळ्याला काहीच कळत नाही, किमानाच्या दोन तास आधी प्रत 2.7 च्या आसपास येते. उतरती बाजू पुरेशी नसेल तर तळ कुठे आहे हे आलेख सांगूच शकत नाही. निदान अडीच तास आधी, अडीच तास नंतर.

लुकलुक:
सूर्यकेंद्री दुरुस्तीचा इथे काही दोष नाही. अल्गोलसाठी ती जास्तीत जास्त पावणेआठ मिनिटं येते, आणि दिशाही उलट आहे. नोव्हेंबरच्या मध्यात पृथ्वी ताऱ्याच्या बाजूला असते, म्हणून किमान तेज भाकितापेक्षा *आधी* दिसतं. जानेवारीत हा फरक तीन-चार मिनिटांवर येतो आणि फेब्रुवारीच्या मध्यात शून्य. 40 मिनिटांचा उशीर यातून निघत नाही.

भाकीत कोणत्या आरंभबिंदूवरून (ज्या नोंदलेल्या किमानापासून पुढचं मोजतात ती वेळ) काढलंय ते मात्र तपासा. आवर्तकाल (दोन किमानांमधला काळ) 2 दिवस 20 तास 49 मिनिटं म्हणतो, पण तो स्थिर नाही. कित्येक दशकांपूर्वीचा आरंभबिंदू आणि एकच आवर्तकाल घेऊन गुणाकार केला की चूक साचत जाते. अलीकडचा आरंभबिंदू घ्या. वेळ जागतिक वेळेत आहे की स्थानिक, तेही बघा. मध्यरात्रीनंतरच्या नोंदींत तारीख हमखास चुकते.

दुसरं पिधान डोळ्यांनी विसरा. जोडीदार तारा आकाराने मोठा पण थंड आणि मंद, तो झाकला गेला तर तेज 0.05 प्रतीच्या आसपासच उतरतं.

पश्चिमक्षितिज:
आरंभबिंदू जुनाच होता, बदलला. नव्याने 22:41 येतंय, म्हणजे उशीर उलट वाढला. त्याच मालिकेतलं पुढचं किमान तिसऱ्या दिवशी 19:30 ला आहे, पण अडीच तास आधी म्हणजे उजेडच असणार. दोन रात्री जोडता येतात का? आणि मोठ्या दुर्बिणीतून दोन तारे वेगळे दिसतील का?

रूपविकारी:
जोडता येतात. दर किमान आधीच्यापेक्षा 3 तास 11 मिनिटं लवकर येतं, म्हणून मालिका दोन-तीन रात्रींत उजेडात जाते. पण आठ आवर्तनं म्हणजे 22 दिवस 22 तास 31 मिनिटं. तुमच्या 22:41 पासून मोजलं तर तेवीस दिवसांनी किमान 21:12 ला. तिसऱ्या दिवशीच्या 19:30 ला तारा माथ्याजवळ असेल, तिथून चढती बाजू घ्या, 22:00 पर्यंत. उतरती बाजू तेवीस दिवसांनंतरच्या रात्रीची, 18:45 पासून. मग प्रत्येक वेळेतून योग्य तितके आवर्तकाल वजा करून सगळं एका आलेखावर आणा. तुलनातारे दोन्ही रात्री तेच ठेवा, नाहीतर दोन बाजू एकमेकींवर बसणार नाहीत.

लुकलुक:
तळ डोळ्याने शोधू नका, तिथे वक्र सपाट असतो. आलेख कागदावर काढून ट्रेसिंग पेपरवर उतरवा, पेपर उलटा करा आणि उतरती बाजू चढतीवर बसेपर्यंत सरकवा. दोन्ही कागदांवरच्या वेळेच्या रेघांचा मध्य म्हणजे किमान. 10 मिनिटांच्या आत आलात तर डोळ्यासाठी उत्तम.

दुर्बिणीतून वेगळे दिसत नाहीत. अंतर 90 प्रकाशवर्षांच्या आसपास, आणि दोघांमधलं अंतर 0.06 खगोलीय एककांच्या (एक एकक म्हणजे पृथ्वी-सूर्य अंतर) जवळपास; आकाशात ते कोनीय सेकंदाच्या दोन-तीन हजारांशाइतकं भरतं. अनेक दुर्बिणींचा प्रकाश एकत्र जोडूनच ते वेगळे केले गेलेत. 1783 मध्ये जॉन गुडरिकने आवर्तकाल जाहीर केला आणि झाकोळणाऱ्या जोडीदाराची शक्यता मांडली, ती नुसत्या डोळ्यांनी केलेल्या अशाच तुलनांवरून. वर्णपटातून तिची खात्री पटायला 1889 उजाडलं.

पश्चिमक्षितिज:
21:45 ते 22:45 च्या पाच नोंदी ठेवल्या, ऱ्होच्या सगळ्या खोडल्या. परवा 19:30 पासून चढती बाजू, तुलनेला एप्सिलॉन आणि अल्फा त्रिकोण.

रूपविकारी:
बीटा त्रिकोणही ठेवा. 3.0 ते 3.4 मध्ये असताना दोन्ही तुलनातारे पश्चिमेलाच पडतील, म्हणून एप्सिलॉन सोडू नका. चंद्र ययातीजवळ असेल तर ती रात्र सोडा.