साम्यवाद गेला, पण मॉस्कोची शेजाऱ्यांकडे बघायची नजर बदलली का?

कृष्णाकाठ (धागालेखक)

माझे काका ओझरच्या विमान कारखान्यातून निवृत्त झाले. अख्खी नोकरी मिग विमानांवर गेली, त्यामुळे युक्रेनचा विषय निघाला की घरात आवाज चढतात. परवा ते म्हणाले, "सोव्हिएत काळात रशिया विचारांसाठी सैन्य पाठवायचा, आता स्वतःच्या सुरक्षेसाठी पाठवतो. दोन्ही एकाच मापानं मोजू नकोस." मला ते पटलं नाही. का, ते इथे मांडतो. विरोधी मतं जरूर यावीत.

ऑगस्ट १९६८ चं प्राग घ्या. चेकोस्लोव्हाकियाचे नेते दुब्चेक कम्युनिस्टच होते. १९५६ मध्ये हंगेरीचे पंतप्रधान इम्रे नॉज यांनी वॉर्सा करारातून (सोव्हिएत गटाच्या लष्करी करारातून) बाहेर पडत असल्याची घोषणा केली आणि दोन वर्षांनी त्यांना फाशी झाली, हे दुब्चेक यांच्यासमोर होतं. म्हणून करार सोडायची भाषा त्यांनी केली नाही. सेन्सॉरशिप उठवली, लोकांना बोलू दिलं, तरीही २० ऑगस्टच्या रात्री रणगाडे आले. पुढे सोव्हिएत नेते ब्रेझनेव्ह यांच्या नावानं ओळखलं जाणारं सूत्र आलं: समाजवादी देश सार्वभौम खरा, पण समाजवादी गटाच्या हिताला बाध येणार नाही तोवरच.

आता जुलै २०२१ मधला पुतिन यांचा लेख बघा. युक्रेनचं खरं सार्वभौमत्व रशियाशी भागीदारीतच शक्य आहे, असं त्यात म्हटलंय. २१ फेब्रुवारी २०२२ च्या भाषणात तर आधुनिक युक्रेन ही लेनिन यांची निर्मिती ठरवून त्याबद्दल त्यांनाच बोल लावला. म्हणजे १९६८ मध्ये रणगाडे निघाले ते लेनिनच्या नावानं, आणि २०२२ मध्ये निघाले ते लेनिनची चूक दुरुस्त करायला. विचार पार उलटला, पण शेजाऱ्यानं काय करायचं ते मॉस्को ठरवणार, हे तसंच राहिलं.

उत्तरायण

ठाम असहमत. तुम्ही १९९१ ते २०२१ ही तीस वर्षं गाळून थेट निकाल दिलात.

९ फेब्रुवारी १९९० रोजी अमेरिकेचे परराष्ट्रमंत्री जेम्स बेकर यांनी सोव्हिएत नेते गोर्बाचेव्ह यांच्यासमोर नाटो पूर्वेकडे एक इंचही सरकणार नाही, अशी भाषा केली. मग मार्च १९९९ मध्ये पोलंड, हंगेरी आणि चेक प्रजासत्ताक आत आले. त्याच महिन्यात सुरक्षा परिषदेला न विचारता युगोस्लाव्हियावर नाटोची बॉम्बफेक झाली. २००४ मध्ये एस्टोनिया, लाटव्हिया, लिथुआनिया हे तिन्ही बाल्टिक देश आले. एप्रिल २००८ मध्ये बुखारेस्टला नाटोनं जाहीर केलं की युक्रेन आणि जॉर्जियाही सदस्य होतील. सोव्हिएत संघाला रोखण्याचं धोरण ज्यांनी मांडलं त्या जॉर्ज केनन यांनीच १९९७ मध्ये या विस्ताराला घोडचूक म्हटलं होतं. ज्या देशावर १८१२ आणि १९४१ मध्ये त्याच सपाट मैदानातून फौजा चालून आल्या, त्यानं हात बांधून बसायचं?

आणि १९७१ मध्ये सुरक्षा परिषदेत आपल्या पाठीशी नकाराधिकार घेऊन कोण उभं राहिलं, हे तुमचे काका विसरलेले नाहीत. आपणही विसरू नये.

समुद्रपक्षी

मी पाच वर्षं लाटव्हियाच्या राजधानीत, रीगाला राहतो, म्हणून उत्तर देतोय.

"नाटो पूर्वेला सरकली" या वाक्यात कर्ताच चुकलाय. इथले लोक स्वतः गेले, दार ठोठावलं, आत घ्या म्हणाले. मार्च १९४९ मध्ये सोव्हिएत राजवटीनं तिन्ही बाल्टिक देशांतून नव्वद हजारांहून जास्त माणसं गाड्यांत भरून सायबेरियाकडे नेली, त्यात बहुसंख्य बायका आणि मुलं. २३ ऑगस्ट १९८९ ला टॅलिनपासून व्हिल्नियसपर्यंत सुमारे वीस लाख लोक हातात हात धरून उभे राहिले. तारीख मुद्दाम निवडली होती, कारण बरोबर पन्नास वर्षांपूर्वी त्याच दिवशी सोव्हिएत संघ आणि नाझी जर्मनीचे परराष्ट्रमंत्री मोलोटोव्ह आणि रिबेनट्रॉप यांनी करार केला आणि त्याच्या गुप्त कलमांत हे देश वाटून घेतले. ती कलमं आहेत हे मॉस्कोनं कबूल केलं तेच डिसेंबर १९८९ मध्ये. अशा शेजाऱ्याच्या शब्दावर किती दिवस राहायचं?

बेकर यांचं वाक्य खरं आहे, पण सप्टेंबर १९९० च्या जर्मनीविषयक करारात बंधन आलं ते पूर्व जर्मनीच्या भूमीपुरतं. महायुद्धातल्या बळींमध्ये लाखो युक्रेनियन आणि बेलारूसीही होते. तो वारसा एकट्या रशियाचा नाही.

पानगळ

दोन्हीकडचं वाचलं. मला वाटतं धागालेखकांनी एक खरा बदल नजरेआड केलाय. ऑक्टोबर १९८९ मध्ये गोर्बाचेव्ह यांच्या परराष्ट्र खात्याचे प्रवक्ते गेरासिमोव्ह यांनी फ्रँक सिनात्राच्या गाण्याचा हवाला देऊन सांगितलं की आता प्रत्येक देश आपापल्या वाटेनं जाईल. आणि तसं घडलंही. पूर्व जर्मनीत तीन लाखांहून जास्त सोव्हिएत सैनिक होते. ऑगस्ट १९९४ च्या अखेरीस शेवटचा सैनिक परतला, लढाई न होता. त्याच महिन्यात लाटव्हिया आणि एस्टोनियाही मोकळे झाले. एवढं मोठं साम्राज्य आपणहून मागे सरकल्याची उदाहरणं इतिहासात फार थोडी आहेत, आणि त्याचं श्रेय रशियनांना द्यायला हवं.

पण त्याच काळात, येल्त्सिन रशियाचे अध्यक्ष असतानाच, दुसरी गोष्ट सुरू झाली. १९९२ मध्ये मोल्दोव्हातल्या लढाईत रशियाचं चौदावं सैन्य ट्रान्सनिस्ट्रिया या फुटू पाहणाऱ्या भागाच्या बाजूनं उतरलं. १९९९ ला इस्तंबूलमध्ये सैन्य काढून घेण्याचं वचन दिलं, तरी ते आजही तिथेच आहे. मॉस्कोत तेव्हा "निकटचा परदेश" हा शब्द रूढ झाला. परदेशाचे दोन प्रकार झाले, एक खरा आणि एक आपला. पोलंडला सोडलं, मोल्दोव्हाला नाही. माझ्या मते नजर बदलली, पण जुन्या सोव्हिएत सीमेपर्यंतच.

उत्तरायण

पानगळ, तुमचा प्रतिसाद संतुलित आहे. पण मग फिनलंडचं काय? १९४८ चा करार करून तो देश तटस्थ राहिला, आणि तिथला पोर्क्कालाचा लष्करी तळसुद्धा सोव्हिएत संघानं १९५६ मध्ये परत केला. ऑस्ट्रियातून १९५५ मध्ये सैन्य काढलं. तटस्थ शेजाऱ्याला मॉस्कोनं सुखानं जगू दिलं. युक्रेननं तोच रस्ता धरला असता तर?

कृष्णाकाठ (धागालेखक)

उत्तरायण, धरला होता! जुलै २०१० मध्ये अध्यक्ष यानुकोविच यांच्या काळात युक्रेननं कोणत्याही लष्करी गटात न जाण्याचा कायदा केला. तो डिसेंबर २०१४ मध्ये रद्द झाला. क्रायमिया रशियानं मार्च २०१४ मध्ये घेतला, म्हणजे कायद्यानं तटस्थ असलेल्या देशाचा. त्याआधी डिसेंबर १९९४ मध्ये बुडापेस्टला अण्वस्त्रं सोडण्याच्या बदल्यात सीमांचा आदर करण्याची हमी रशियानं दिली होती. फिनलंडनंही हे पाहिलं. १३४० किलोमीटरची सीमा असलेला तो देश एप्रिल २०२३ मध्ये नाटोत गेला.

मॉस्कोच्या बाजूनं राहिलेल्यांचं तरी काय झालं? आर्मेनियात रशियाचा तळ, रशियाशी संरक्षण करार. नागोर्नो-काराबाखमध्ये (अझरबैजानमधल्या आर्मेनियन वस्तीच्या भागात) रशियाचे जवळपास दोन हजार शांतिसैनिक होते. सप्टेंबर २०२३ मध्ये त्यांच्यासमोर एक लाखाहून जास्त आर्मेनियन घरंदारं सोडून निघाले.

१९७१ बद्दल कृतज्ञता मलाही आहे. पण १९६८ मध्ये प्रागच्या ठरावावर भारत सुरक्षा परिषदेत तटस्थ राहिला तेव्हा अशोक मेहतांनी केंद्रीय मंत्रिपद सोडलं. ते सोव्हिएत मैत्रीचे शत्रू नव्हते. उपकार लक्षात ठेवूनही चूक ती चूक म्हणता येते.

पानगळ यांचा १९९४ चा मुद्दा मात्र मान्य. मी तो लिहायला हवा होता.

उत्तरायण

२०१० च्या कायद्याचं मला माहीत नव्हतं. क्रायमियाबद्दलचं माझं म्हणणं त्यानं कमजोर होतं, हे कबूल. युगोस्लाव्हियाबद्दल मी तसूभर हलणार नाही.

समुद्रपक्षी यांना एक थेट प्रश्न. लाटव्हियात सोव्हिएत काळात येऊन वसलेल्या रशियन भाषकांना १९९१ नंतर आपोआप नागरिकत्व मिळालं नाही. तो अन्याय नव्हता?

समुद्रपक्षी

होता, आणि अजून पुरता मिटलेला नाही. आमच्या मजल्यावर एक आजी राहतात. मुलगी असताना आईवडिलांबरोबर प्स्कोव्हहून आल्या, इथल्याच कारखान्यात चाळीस वर्षं राबल्या. भाषेची परीक्षा दिली नाही, म्हणून त्यांच्या हातात आजही नागरिक नसल्याचा वेगळा पासपोर्ट आहे आणि मत देता येत नाही. मॉस्कोच्या टीव्हीवर त्यांच्यासारख्यांच्या नावानं बोललं जातं तेव्हा त्या उठून आवाज बंद करतात. मी एकदा कारण विचारलं, तर म्हणाल्या, मला कुणी विचारायला आलं नव्हतं. तेव्हाही नाही आणि आताही नाही.